वादी, प्रतिवादी आणि माझं लग्न

माझं लग्न ठरलं तेव्हा शिरूरच्या आमच्या मशिदीच्या जमातीला दोन सदर, म्हणजे अध्यक्ष, होते. एक माझे अब्बा, आणि दुसरा माझा मामू, अम्माचा सख्खा धाकटा भाऊ. दोघांपैकी खरा सदर कोण हे कोर्टानं ठरवायचं होतं, आणि कोर्टाला काही घाई नव्हती.

मोठा दुष्काळ सरून दोन पावसाळे झाले होते. आम्ही मन्यार, पेठेत आमचं बांगड्यांचं दुकान होतं. दुकानावर अब्बा बसायचे. अम्मा बांगड्यांची पेटी घेऊन निमोण्याकडच्या वाड्यावस्त्यांवर जायची. मेंढरं विकून शेतीला लागलेल्या धनगरांच्या बायका, बौद्धवाड्यातल्या बायका, पाटलाच्या सुना, सगळ्यांच्या मनगटांची मापं तिला तोंडपाठ. मामूचं एसटी स्टँडाजवळ सायकलचं दुकान होतं. घरात आम्ही आमची दखनी बोलायचो, पण ती लिहायला बसले तर माझी मलाच वाचता येणार नाही, म्हणून सगळ्यांचं बोलणं मी मराठीतच सांगते.

भांडण सुरू झालं ते एका नोटिशीवरून. मशिदीची कमिटी दर तीन वर्षांनी निवडायची आणि त्याची नोटीस पंधरा दिवस आधी दारावर लावायची, असं जमातीच्या जुन्या घटनेत लिहिलेलं होतं. मामू आधीपासून सदर होता. त्या वर्षी त्यानं जुम्म्याच्या नमाजानंतर लोकांना बसल्या जागी हात वर करायला लावले आणि निवडणूक उरकली. मामू म्हणायचा, नोटीस लावली होती. अब्बा म्हणायचे, "रोज त्याच दारातून जातो मी. मला काय दिसत नाही?" दोघंही खरं बोलत असतील. त्या पंधरवड्यात वारा फार सुटला होता, असं अम्मा म्हणायची.

पुढच्या जुम्म्याला अब्बांनी आपल्या बाजूची माणसं गोळा करून दुसरी निवडणूक घेतली. झालं, जमातीला दोन कमिट्या, दोन सदर, आणि मशिदीच्या बाजूच्या ऑफिसच्या खोलीला दोन कुलपं. माइकवरून कोणी बोलायचं यावरून एका शुक्रवारी ओढाताण झाली. कुणी कुणाला मारलं नाही, पण एका म्हाताऱ्याची टोपी खाली पडली आणि तिच्यावर कुणाचा तरी पाय पडला. अब्बांना ते फार लागलं. दुसऱ्याच दिवशी त्यांनी वकील गाठला आणि दावा दाखल केला. अब्बा वादी, मामू प्रतिवादी.

कोर्टानं मनाईहुकूम दिला. नमाज चालू राहील, पेशइमाम आहेत तेच राहतील, पण दावा निकाली निघेपर्यंत दोन्ही कमिट्यांनी जमातीचा कारभार बघायचा नाही. कोर्टाचा नाझर येऊन ऑफिसातलं लाकडी कपाट लाखेनं सील करून गेला. त्या कपाटात जमातीचा शिक्का होता, जुने कागद होते आणि निकाहचं रजिस्टर होतं.

मामूचं आमच्याकडं येणं बंद झालं. ईदला अम्मा शीरखुर्म्याचा डबा पाठवायची. मामी मागल्या दारानं डबा परत आणून द्यायची, पण कधी रिकामा नाही, तळाशी मूठभर साखर असायची. एवढंच काय ते नातं उरलं होतं. पेठेत अब्बा आणि मामू समोरासमोर आले तर एक जण टपाल कचेरीच्या बाजूला वळायचा.

अशात दौंडहून माझ्यासाठी स्थळ आलं. मुलगा रेल्वेत, लोको शेडमध्ये फायरमन, इंजिनात कोळसा घालणारा. त्याचे वडील रेल्वेतूनच गार्ड म्हणून निवृत्त झालेले, उंच, ताठ बसणारे, घड्याळ बघून चहा पिणारे. मुलाला मी एकदाच बघितलं. नखांच्या कडांना कोळसा राहिला होता आणि तो हात लपवत होता. तेवढ्यावरच मला तो आवडला. मी सातवी पास होते, एकोणीस सरत होतं, आणि माझ्या बरोबरीच्या दोघीतिघींची लग्नं झाली होती.

सुपारी झाली, तारीख धरायची वेळ आली तेव्हा सासरे म्हणाले, "मुलीच्या जमातीचं पत्र लागेल. आणि निकाहनाम्याची नक्कल, रजिस्टरची, शिक्क्यासकट. रेल्वेच्या पासावर बायकोचं नाव चढवायचं तर कागद लागतो. क्वार्टरसाठीही लागतो."

अब्बा म्हणाले, "पत्र मी देतो. मीच सदर आहे."

चार दिवसांनी अब्बांनी दुकानाच्या बिलबुकातल्या कोऱ्या पानावर सुवाच्य अक्षरात पत्र लिहून दौंडला पाठवलं. आठवड्यानं सासरे ते पत्र घेऊन स्वतःच आले. त्यांनी दौंडच्या जमातीत विचारलं होतं आणि त्यांना आमच्या कोर्टकज्ज्याची सगळी हकीकत कळली होती. रागावले नव्हते, पण बसलेही नाहीत.

"समधी," ते म्हणाले, "आज तुमचं पत्र घेतलं, उद्या कोर्टानं दुसऱ्याला सदर ठरवलं, तर ह्या कागदाचं मी काय करू? मला सून एकच आणायची आहे, कागदही एकच द्या. तुमचं मिटेपर्यंत थांबू. पण फार थांबणार नाही."

ते निघून गेले. मी आतल्या खोलीत बांगड्यांचे डझन बांधत होते. एका डझनात अकराच बांधल्या आणि एकात तेरा, हे अम्मानं नंतर दाखवलं.

अम्मा आधी मामूकडं गेली. जिथं वर्षभर पाऊल टाकलं नव्हतं त्या सायकलच्या दुकानात, भर दुपारी, गिऱ्हाइकांदेखत.

"मी काय करू, आपा?" मामू म्हणाला. "शिक्का सीलमध्ये, रजिस्टर सीलमध्ये. दुल्हेभाईंना सांग, दावा काढून घ्या. उद्या सील निघेल."

घरी येऊन तिनं अब्बांना तेच सांगितलं. अब्बा म्हणाले, "तुझ्या भावाला सांग, राजीनामा दे. उद्या काढतो दावा."

अम्मा म्हणाली, "म्हणजे माझी पोरगी तुमच्या दोघांच्या उद्यामध्ये म्हातारी होणार."

पुढची तारीख होती त्या दिवशी सकाळी अम्मानं मला वेणी घालायला बसवलं आणि सांगितलं, "धुतलेली साडी नेस. कोर्टात जायचंय." मी घाबरले. आमच्यातली बाई तोवर कोर्टाची पायरी चढली नव्हती. अब्बा आधीच निघून गेले होते. आम्ही मागून गेलो. वाटेत निमोण्याची एक म्हातारी भेटली, बाजाराला आलेली. तिनं विचारलं, "कुठं गं, मन्यारीन?" अम्मा म्हणाली, "हिच्या लग्नाची तारीख आणायला." म्हातारी म्हणाली, "कोर्टातनं?" आणि अम्मा म्हणाली, "व्हय आजी, सध्या तितंच मिळत्यात."

कोर्टात बाकांवर माणसं दाटीवाटीनं बसलेली. एका बाजूला अब्बा आणि त्यांची माणसं, दुसऱ्या बाजूला मामू आणि त्याची. आम्हाला बघून दोघंही एकदम उठले, आणि दोघंही परत बसले. दाव्याचा पुकारा झाला. दोन्ही वकिलांनी पुढची तारीख मागितली. जज्जसाहेब लिहायला लागणार एवढ्यात अम्मा उठून पुढं गेली. पट्टेवाला तिला अडवायला आला. ती म्हणाली, "थांब रे बाबा, मला साहेबांशी बोलायचंय."

जज्जसाहेब चष्म्यावरून बघत म्हणाले, "बाई, तुम्ही कोण?"

"वादी माझे मालक हायेत, साहेब. आन् प्रतिवादी माझा भाऊ."

कोर्टात हशा पिकला. साहेबांनी हात वर केला तसं सगळं शांत झालं. अब्बांचे वकील म्हणाले, "साहेब, ह्या दाव्यात पक्षकार नाहीत." मामूचे वकीलही तेच म्हणाले. वर्षभरात दोघांचं एकमत झालेली ती पहिलीच गोष्ट असावी.

"ऐकून घेऊ," साहेब म्हणाले. "बोला."

अम्मानं पदर सावरला. मी मागं होते, तिच्या बांगड्या किणकिणताना मला ऐकू येत होत्या. पण आवाज तिचा वस्तीवर हाळी देतानाचाच होता.

"साहेब, मी शिकलेली न्हाई. ह्यांचं भांडान चालू द्या, माझं काय म्हणणं न्हाई. दोघं बी मशिदीच्या भल्यासाठी भांडत्यात म्हणं. पण तुमच्या माणसानं जे कपाट बंद केलंय ना, त्यात माझ्या पोरीचं लगीन अडकलंय. ही माझी पोरगी. दौंडचं चांगलं स्थळ हाय, रेल्वेतलं. ते म्हणत्यात रजिस्टरात लिव्हल्याबिगर लगीन न्हाई. एक दीस कपाट उघडा, एक ओळ लिवा, आन् पुन्ना लावा तुमचं सील."

साहेबांनी माझ्याकडं बघितलं. मी जमिनीकडं. मग त्यांनी वकिलांना विचारलं, "एका नोंदीपुरतं रजिस्टर उघडायला कुणाची हरकत आहे?"

दोन्ही वकील आपापल्या पक्षकाराकडं वळले.   मला आठवतं, भिंतीवर एक पाल होती आणि ती पार ट्यूबलाइटपर्यंत पोचली.

अब्बा अखेर म्हणाले, "पण सदर म्हणून सही कोण करणार?"

मामू लगेच म्हणाला, "हो, ते ठरलं पाहिजे."

तेव्हा जज्जसाहेब पहिल्यांदाच जरा हसले. म्हणाले, "सदर म्हणून कुणीच करणार नाही. वादी मुलीचे वडील म्हणून सही करतील. प्रतिवादी कोण लागतात मुलीचे?"

"मामा," अम्मा म्हणाली. "आन् साहेब, आमच्यात निकाहला पोरीच्या बाजूनं एक वकील लागतो. पोरीला विचारून यायचं त्याचं काम, कबूल हाय का म्हणून. कोर्टातले वकील तुमचे तुम्ही ठेवा. माझ्या पोरीचा वकील माझा भाऊच व्हणार."

मामूनं मान खाली घातली. त्यानं खिशातून रुमाल काढला आणि घाम पुसावा तसं सगळं तोंड पुसलं. त्याच्या वकिलाला उठून सांगावं लागलं की हरकत नाही. मग अब्बांच्या वकिलानंही सांगितलं.

हुकूम झाला. निकाहच्या दिवशी नाझरानं समक्ष जाऊन सील काढायचं, पेशइमामांनी नोंद करायची, सदराच्या जागी कोर्टाच्या हुकमाचा उल्लेख करून नाझरानं सही करायची, आणि त्याच दिवशी पुन्हा सील लावायचं. अम्मानं हुकमाची नक्कल मागून घेतली. तिला वाचता येत नव्हतं, पण पुढं कितीतरी दिवस ती पदराच्या घडीत तो कागद घेऊन हिंडत होती. दौंडला सासऱ्यांना नक्कल दाखवली तेव्हा त्यांनी ती उभ्याउभ्या दोनदा वाचली आणि म्हणाले, "ह्याच्यापेक्षा पक्का कागद माझ्या नोकरीत मी बघितला नाही."

लग्नाच्या दिवशी सकाळीच नाझर आले. राहू गावाकडचे बौद्ध गृहस्थ, मॅट्रिक होऊन कोर्टात लागलेले, पांढरा शर्ट, खिशाला दोन पेनं. हातात पिशवी, पिशवीत लाख, मेणबत्ती आणि पितळी ठसा. मशिदीच्या दाराशी चपला काढून त्यांनी विचारलं, "मी आत कुठवर यायचं?" पेशइमाम म्हणाले, "तुम्ही तर आज आमचे सदर आहात. या." तिथं जमलेली दोन्ही बाजूंची माणसं हसली.

कपाट उघडून, रजिस्टर घेऊन सगळे आमच्या अंगणातल्या मांडवात आले. ऊन तापलं होतं. अब्बांनी नाझरांना सरबत दिलं. ते म्हणाले, "माफ करा. वादीच्या घरचं मी घेऊ शकत नाही." मामू म्हणाला, "माझ्या घरून आणतो." ते म्हणाले, "प्रतिवादीच्या घरचं बी न्हाई." बिचारे घामानं निथळत होते. अम्मानं हे आतून ऐकलं आणि शेजारच्या धनगराच्या सुनेला हाक मारली. ती आपल्या माठातलं पाणी तांब्या भरून घेऊन आली. अम्मा दारातून म्हणाली, "नाझरसाहेब, हे वादीचं न्हाई, प्रतिवादीचं बी न्हाई. प्या आता." नाझर एका दमात अख्खा तांब्या प्यायले.

मी आत बसले होते, चेहऱ्यावर फुलांचा सेहरा. बायकांची गडबड एकदम थांबली, त्यावरून मला कळलं मामू आलाय. चौदा महिन्यांनी तो आमच्या घरात येत होता. लहानपणी त्यानंच मला सायकल शिकवली होती, पेठेतल्या लोकांनी नावं ठेवली तरी. तो माझ्यासमोर बसला. दोन साक्षीदार मागं उभे राहिले. त्यानं मुलाचं नाव, त्याच्या वडिलांचं नाव, मेहेरची रक्कम सगळं नीट सांगितलं, जसं सांगायचं असतं तसं. मग विचारलं, "कबूल आहे?"

मला हो म्हणायचं होतं आणि आवाजच फुटेना.  त्यानं दुसऱ्यांदा विचारलं. तिसऱ्यांदा विचारण्याआधी तो हळूच म्हणाला, "बेटा, रागावलीस का माझ्यावर?"

मी मान हलवली, नाही म्हणून. मागचा साक्षीदार घाबरून म्हणाला, "नाही म्हणते का?" आणि सगळ्या बायका एकदम बोलायला लागल्या. मग मात्र मी मोठ्यानं सांगितलं, "कबूल आहे, कबूल आहे." मामू हसत बाहेर गेला, पण हसण्याआधी तो रडला होता, ते मी सेहऱ्याच्या फटीतून बघितलं.

बाहेर सह्या झाल्या. अब्बांनी केली, मग पेन मामूच्या हातात दिलं. नाझरांचं पेन होतं ते. नाझरांनी शेवटची सही केली, शाई वाळेपर्यंत पानावर फुंकर घातली, आणि जेवणाला नाही म्हणून परत मशिदीकडं गेले. मी त्याच दुपारी दौंडला आले.

माझ्या लग्नानं भांडण मिटलं असं लिहिलं तर वाचायला बरं वाटेल, पण तसं झालं नाही. दोघं पुढच्या तारखेला पुन्हा आपापल्या बाकांवर बसले. आठनऊ तारखा झाल्या. फरक एवढाच पडला की तारखेहून परतताना ते टपाल कचेरीकडं वळेनासे झाले. एकमेकांना सलाम करायचे, आणि मामूच्या दुकानातल्या पंपानं अब्बा पुन्हा आपल्या सायकलला हवा भरू लागले. शेवटी एका तारखेला जज्जसाहेबांनी विचारलं, दोघांचीही निवडणूक बाजूला ठेवून नवीन घेतली तर? देखरेख कोर्टाची. दोन्ही वकिलांनी मुदत मागितली, पण अब्बा आणि मामू दोघांनीही उभं राहून सांगितलं की मुदत नको, चालेल.

नाझरांनाच ते काम दिलं. मतदारांची यादी करायला ते घरोघर हिंडले. आमच्या घरी आले तेव्हा त्यांनी विचारलं, "सज्ञान पुरुष किती?"

अम्मानं सांगितलं, आणि मग विचारलं, "आन् बायका?"

"घटनेत पुरुष लिहिलंय, भाभी."

"कोर्टात मला कुणी विचारलं न्हाई, पुरुष हाय का बाई म्हणून. साहेबांनी ऐकून घेतलं."

नाझरांनी यादीचं पान उलटलं. म्हणाले, "घटना बदलणं माझ्या हातात न्हाई. पण तुमचं म्हणणं मी शेऱ्यात लिहितो." त्यांनी खरंच लिहिलं. त्या शेऱ्याचं त्या वेळी काही झालं नाही. पण तो लिहिला गेला म्हणून अम्मानं वस्तीवस्तीवर सांगितलं.

मतदानाला मी दौंडहून आले होते, पोटुशी होते. जमातीतल्या आम्ही बायका मशिदीसमोरच्या माडीवर बसून बघत होतो. नोटीस महिनाभर आधी लागली होती, एक नव्हे, चार ठिकाणी, आणि खिळे ठोकून. ज्यांना वाचता येत नव्हतं त्यांच्यासाठी नाझरांनी मतपत्रिकेवर चित्रं काढली होती, घागर, छत्री, शिडी, कात्री अशी, प्रत्येक उमेदवाराला एक. अब्बांना शिडी आली होती, मामूला घागर. उन्हात रांग पार गल्लीच्या तोंडापर्यंत गेली. म्हातारे कोतारे आले, निमोण्याहून बैलगाडीनं माणसं आली. रांगेत अब्बांच्या मागं दोन माणसं सोडून मामू होता. मधले दोघं बाजूला झाले आणि मामू पुढं सरकला. काय बोलले ते वरून ऐकू आलं नाही. अम्मा माझ्या खांद्यावर हात ठेवून बघत राहिली.

सात जागा होत्या. अब्बा निवडून आले, मामूही आला. पण सगळ्यांत जास्त मतं पडली एका तरुण शाळामास्तरांना. ते दोघांच्याही बाजूला नव्हते, माझ्या लग्नात वाढायला होते एवढंच. सातही जणांनी मिळून त्यांनाच सदर केलं. नाव अब्बांनी सुचवलं आणि मामूनं अनुमोदन दिलं. कोर्टात शेवटची तारीख झाली, साहेबांनी विचारलं, निवडणुकीबद्दल कुणाची तक्रार? कुणाचीही नव्हती. दावा निकाली निघाला.

दुसऱ्या दिवशी अब्बा एसटीनं दौंडला आले. येणार म्हणून कळवलंही नव्हतं. आमचं क्वार्टर रुळांना लागूनच होतं, एक खोली आणि स्वयंपाकघर. ते खाटेवर बसले, टोपी काढून बाजूला ठेवली आणि सगळी हकीकत पहिल्यापासून सांगितली, जणू मला काहीच माहीत नव्हतं. मी विचारलं, "तुम्ही सदर नाही झालात, वाईट नाही वाटलं?"

"वाटलं ना," ते म्हणाले. "रात्री वाटलं. सकाळी मास्तर घरी आले, म्हणाले, चाचा, मशिदीच्या नळाच्या कामाला कुणाला बोलवायचं सांगा. बोललो तासभर. तुझा मामूपण आला मग. नळाचं त्याला जास्त कळतं." मग म्हणाले, "खायला काय आहे?"

मी बाजरीच्या भाकऱ्या केल्या, मेथीची भाजी केली. त्यांनी तीन भाकऱ्या खाल्ल्या. माझे मालक ड्यूटीवर होते, संध्याकाळी येणार होते. अब्बा म्हणाले, त्याला भेटूनच जातो, आणि खाटेवर आडवे झाले. बाहेर यार्डात डबे एकमेकांवर आदळत होते, इंजिनाची शिट्टी होत होती, भिंतीवरची भांडी हलत होती. मी दार लोटून घ्यायला उठले, पण त्यांना केव्हाच गाढ झोप लागली होती.